सफरचंद-केळी पुरे, पोदेराचा हिशोब शिकवा

मा. संपादक, स.न.वि.वि.

माझी मुलगी सातवीत आहे. परवा तिची गणिताची वही उघडली तर ३क्ष + २य = ५क्षय असं लिहिलेलं आणि वर लाल फुली (पुस्तकात इंग्रजी अक्षरं असतात, मी आपली आमच्या वेळची क्ष आणि य लिहितेय). म्हटलं अगं हा क्षय कुठून आला गणितात, तर म्हणते ट्यूशनला सांगितलंय क्ष म्हणजे सफरचंद, य म्हणजे केळं, मग तीन आणि दोन मिळून पाच फळं झालीच ना. आता काय बोलणार, फळं पाचच होतात की!

माझी तक्रार याच सफरचंदाबद्दल आहे. अक्षर म्हणजे वस्तू नव्हे हो, अक्षर म्हणजे अजून माहीत नसलेली संख्या. एकदा वस्तू म्हटली की पुढे क्षचा वर्ग आल्यावर काय सांगणार, सफरचंद गुणिले सफरचंद?

शेवटी मी तिला स्वयंपाकघरातल्या कॅलेंडरपुढे उभं केलं, आमच्याकडे पोदेराचा, म्हणजे गोव्यात दारावर पाव घेऊन येणाऱ्याचा, हिशोब त्यावरच असतो. रविवारी ३ उंडे २ कांकणं, सोमवारी २ उंडे ४ कांकणं (दोन्ही पावाचेच प्रकार). उंड्याचा भाव क्ष, कांकणाचा य. उंड्यांचे पैसे एकत्र, कांकणांचे एकत्र, झाले ५क्ष + ६य. वर मागची बाकी २० रुपये, तिला ना उंडा ना कांकण, ती तशीच शेवटी बसते. ती म्हणाली सगळं मिळून ११क्षय का नाही? म्हटलं भाव घालून बघ, क्ष ५ आणि य ६ धर. पाचा पाचा पंचवीस, साही साही छत्तीस, ६१ रुपये, बाकी धरून ८१. तिच्या ११क्षयचे, म्हणजे ११ गुणिले ५ गुणिले ६, नुसत्या पावाचेच ३३० झाले, एवढे मागितले तर पोदेरच लाजेल. मग स्वतःच हसत खोडरबर घेऊन बसली.

तसंच ५क्ष − क्ष. बरीच मुलं क्ष खोडून ५ लिहितात, कारण एकट्या क्षच्या आधी १ दिसत नाही. पाच उंड्यांतला एक परत दिला तर चार उंड्यांचे पैसे लागतील, म्हणून ४क्ष. क्षय आणि यक्ष मात्र सजातीय, म्हणजे एकाच जातीची पदं बरं का, गुणाकारात कोण पुढे कोण मागे याने फरक पडत नाही.

आणखी एक. आमच्याकडे चौथीपर्यंत मराठी आणि पुढे सगळं इंग्रजीत, त्यात ‘लाइक टर्म्स’ म्हटल्यावर माझी मुलगी विचारते, लाइक म्हणजे आवडणाऱ्या का? सजातीय म्हटलं की पटकन कळतं. भास्कराचार्यांनी बाराव्या शतकात हेच सांगून ठेवलंय, समान जातीच्यांचीच बेरीज-वजाबाकी करायची, वेगळ्या जातीचे वेगळे ठेवायचे, आणि अज्ञात संख्यांना तर ते काळा, निळा, पिवळा अशी रंगांची नावं द्यायचे. वर्गात इंग्रजी शब्दाशेजारी हा एक शब्द फळ्यावर लिहायला शिक्षकांना काय हरकत आहे?

आता महिन्याचा हिशोब मुलगीच करते. काल पोदेर म्हणाला पुढच्या महिन्यापासून उंडा एक रुपयाने वाढणार, तर ही पेन्सिल घेऊन आधीच क्षच्या जागी ६ लिहून मोकळी.

– एक आई, डिचोली