तक्रार (चौथ्यांदा): चार्ल्स स्टेपनी 'नवा कलाकार' नाही हो

प्रति,
कस्टमर केअर, आणि त्यांच्या वर जे कोणी बसतात ते

आत्ताच तुमच्या माणसाशी सत्तावीस मिनिटं बोलून फोन ठेवला, त्यातली एकोणीस मिनिटं होल्डवरची तीच ट्यून ऐकली. आधीची तीन तिकिटं तुमच्याकडे आहेत, ती न वाचताच 'रिझॉल्व्ह्ड' केलीत म्हणून सगळं परत लिहितोय.

तुमच्या गाणी ऐकायच्या ॲपचा महागातला प्लॅन मी एकाच गोष्टीसाठी घेतला. 'गाण्यामागचा प्रत्येक माणूस' ही जाहिरात तुमची, माझी नाही. मी बावीस वर्षं ऑर्केस्ट्रात कीबोर्ड वाजवतोय, बाकीचे लोक गाणं कोणी गायलं ते विचारतात आणि मी व्हायोलिनचे पीस कोणी लिहिले ते शोधत बसतो. हॅबिट आहे, जात नाही.

अमेरिकन गायिका मिनी रिपर्टनचा 'कम टू माय गार्डन' अल्बम उघडा. १९७० चा आहे. तुमच्याकडे रीइश्यूचं साल आहे, ते एक सोडून देतो. पण वाद्यांचे पीस लिहिणाऱ्या अरेंजरच्या जागी एक आडवी रेघ? त्यातलं 'ले फ्लर' हेडफोन लावून ऐका एकदा, ती बाई सुरुवातीला जवळजवळ कुजबुजत गाते, मागे अगदी थोडकं वाजतंय, आणि मग कोरसला ब्रास (ट्रम्पेटसारखी फुंकायची वाद्यं) आणि माणसांचे आवाज असे एकदम उसळून येतात की माझ्या बायकोने सुद्धा भाजी चिरायची थांबवून विचारलं हे काय लावलंय. ते उसळणं कोणीतरी कागदावर लिहिलं होतं. त्या कोणीतरीचं नाव चार्ल्स स्टेपनी, आणि तुमच्याकडे तिथे रेघ.

शिकागोचा माणूस. तिथल्याच चेस रेकॉर्ड्स या रेकॉर्ड कंपनीत पियानो आणि व्हायब्राफोन (धातूच्या पट्ट्यांचं वाद्य) वाजवणारा सेशनवाला, म्हणजे रेकॉर्डिंगपुरता वाजवणारा, म्हणून होता, तिथून अरेंजर, मग प्रोड्युसर झाला. रोटरी कनेक्शन या बँडचं संगीत त्याचं, डेल्स या गाणाऱ्या ग्रुपच्या रेकॉर्ड्सची अरेंजमेंट त्याची, ब्लूज गायक मडी वॉटर्सच्या 'इलेक्ट्रिक मड' अल्बमच्या प्रोड्युसरांत तो. मिनी रिपर्टन त्याच कंपनीत रिसेप्शनला बसायची, तिच्या आवाजाच्या मापाने याने गाणी बेतली. ड्रमर मॉरिस व्हाइट पण चेसमधलाच, त्याने पुढे अर्थ, विंड अँड फायर हा बँड काढला आणि नंतर स्टेपनीला बोलावून घेतलं, आणि त्यांचा १९७५ चा अल्बम 'दॅट्स द वे ऑफ द वर्ल्ड' अमेरिकेत एक नंबरला गेला. त्याचं टायटल साँग आणि 'रीझन्स', दोन्हीच्या गीतकार-संगीतकारांत स्टेपनीचं नाव आहे. तुमच्याकडे टायटल साँगला आहे, 'रीझन्स'ला नाही. का? कोणाला विचारू?

आता मुख्य अपमान. स्टेपनीच्या पानावर तुम्ही फक्त २०२२ चा 'स्टेप ऑन स्टेप' ठेवलाय. तो अल्बम म्हणजे त्याने घराच्या बेसमेंटमध्ये एकट्याने फोर-ट्रॅक मशीनवर (एकाच टेपवर चार वेगळे भाग भरता येतात त्यावर) भरून ठेवलेल्या टेप्स, त्याच्या मुलींनी जपल्या आणि इतक्या वर्षांनी बाहेर आणल्या. आणि तुम्ही मला नोटिफिकेशन पाठवता, 'हा नवा कलाकार ऐकलात का?' वर बारीक अक्षरात, पदार्पण २०२२.

म्हणून फोन केला. संवाद जसाच्या तसा देतो, तुमच्याकडे रेकॉर्डिंग असेलच, 'क्वालिटी आणि ट्रेनिंगसाठी' करता ना.

"सर, अरेंजर म्हणजे इव्हेंटवाले का?"

मी शांतपणे सांगितलं (खरंच शांतपणे, बायको साक्षीदार आहे) की बाबा, संगीतकार चाल देतो, मग व्हायोलिन कुठे शिरायचं, ब्रासने कुठे गप्प बसायचं हे लिहून काढतो तो अरेंजर. आपल्या हिंदी सिनेमात सेबॅस्टियन डिसूझा होते, गोव्याचे, शंकर-जयकिशनकडे, तसं. तो म्हणाला, "ओके सर, पण माहिती बदलायला आर्टिस्टने स्वतः प्रोफाइल क्लेम करायला लागेल."

म्हटलं, ते वारले.

"ओके सर." टाइप केल्याचा आवाज. "मग त्यांचा रजिस्टर्ड मोबाईल नंबर सांगा, ओटीपी जाईल."

मी तारीख सांगितली, १७ मे १९७६, हार्ट अटॅक, वय ४५. म्हटलं तेव्हा मोबाईल नव्हते आणि आता ते नाहीत. तर म्हणतो, "तुम्हाला झालेल्या गैरसोयीबद्दल दिलगीर आहोत सर, त्यांना जमेल तेव्हा ॲपमधून रिक्वेस्ट टाकायला सांगा."

जमेल तेव्हा!

पोराचा दोष नाही, त्याच्या स्क्रीनवर 'मयत' असा पर्यायच नसणार. दोष ती स्क्रीन बनवणाऱ्यांचा, आणि तुम्हीच जर संगीत विकत असाल तर अरेंजर म्हणजे काय हे फोनवरच्या माणसाला सांगायची जबाबदारी कोणाची, माझी? मी पैसे भरतो म्हणून तुमच्या स्टाफचे क्लास पण मीच घ्यायचे?

अर्थ, विंड अँड फायरचा 'स्पिरिट' अल्बम होत असतानाच स्टेपनी गेला, आणि बँडने तो अल्बम त्याला अर्पण केला. त्या बँडला १९७६ साली कळत होतं की नाव कुठेतरी लिहायला हवं. कागदाचं कव्हर होतं हो त्यांच्याकडे, बारा इंची, जागा मर्यादित. तुमच्याकडे सर्व्हरच्या सर्व्हर आहेत आणि तरी रेघ. आणि नवा कलाकार म्हणे.

मला काय हवंय ते साधं आहे. तिन्ही पानं दुरुस्त करा, 'नवा कलाकार' काढा, आणि उत्तर माणसाने लिहिलेलं पाठवा. पंधरा दिवसांत नाही झालं तर वर्षाचे पैसे परत हवेत आणि ग्राहक आयोगात जाणार, फॉर्म डाउनलोड करून ठेवलाय. खरं सांगायचं तर जायची इच्छा नाही, तुमचं साउंड चांगलं आहे, तेच वाईट वाटतं.

एक (अजून तरी) ग्राहक

ता.क. हे लिहितानाच तुमचा मेल आला, 'तुमची तक्रार सोडवली आहे, आम्हाला ५ स्टार द्या.' लगेच पान उघडून बघितलं. रेघ आहे तिथेच आहे.