संज्यास पत्र: डोंगल घेण्याआधी खिडकी बघ

प्रिय संज्या,

परवा तू फोनवर विचारलंस की ते यूएसबीवालं रेडिओचं खूळ नेमकं काय आहे, आणि मी "लिहून पाठवतो" म्हणून सुटका करून घेतली, कारण हे फोनवर सांगायचं प्रकरणच नाही. आता बसलोय लिहायला, लांबलं तर शिव्या घालू नकोस.

आधी मुद्द्याचं सांगतो म्हणजे पुढचं नाही वाचलंस तरी चालेल. डोंगल म्हणजे लॅपटॉपच्या यूएसबीला लावायचा छोटा रेडिओ रिसीव्हर. तो कुठलाही बरा घे, पण पैसे आणि डोकं घाल ते अँटेनात आणि त्याच्या जागेत. मुंबईत तर जास्तच. लोक महागातला रिसीव्हर घेतात, टेबलावर टीव्हीशेजारी ठेवतात आणि मग म्हणतात काही येत नाही. कसं येणार?

हा डोंगल मुळात आपल्यासारख्यांसाठी बनलाच नव्हता. लॅपटॉपवर डिजिटल टीव्ही बघायला परदेशात यूएसबी ट्यूनर विकायचे, त्यात रिअलटेकची आरटीएल२८३२यू नावाची चिप असायची. २०१२ साली अँटी पालोसारी नावाच्या फिनलंडच्या लिनक्सवाल्याच्या लक्षात आलं की एफएम रेडिओ वाजवताना ही चिप स्वतः काहीच डीकोड करत नाही, नुसते कच्चे आकडे कंप्युटरकडे ढकलते आणि बाकीचं सगळं सॉफ्टवेअर करतं. झालं, ऑस्मोकॉम नावाच्या ओपन सोर्स गटाच्या मंडळींनी त्यासाठी ड्रायव्हर आणि लायब्ररी लिहिली आणि टीव्हीचा ट्यूनर सगळ्या बँडचा रेडिओ झाला. साधारण २४ पासून १७५० मेगाहर्ट्झपर्यंत कुठंही लाव, तिथला २.४ मेगाहर्ट्झ रुंदीचा तुकडा तो सेकंदाला २४ लाख सॅम्पल, म्हणजे सिग्नलची मोजमापं, काढून तुझ्या लॅपटॉपला देतो. सेटिंगमधे ३.२ पण दिसतं, त्याच्या नादी लागू नकोस, सॅम्पल गळतात.

घेताना एवढंच बघ की मेटलची केस, एसएमए कनेक्टर (अँटेनाची केबल फिरवून बसवायचा) आणि १ पीपीएमचा, म्हणजे दहा लाखात एकाची चूक असलेला, टीसीएक्सओ आहे का. शेवटचं ते म्हणजे आतला क्रिस्टल तापला तरी फ्रिक्वेन्सी सरकत नाही. स्वस्तातल्या प्लास्टिकवाल्यात ५० पीपीएमची चूक सहज असते, म्हणजे जहाजांच्या १६२ मेगाहर्ट्झवर ८ किलोहर्ट्झ इकडंतिकडं, आणि तिथं चॅनेलच २५ किलोहर्ट्झचा असतो. टेलिस्कोपिक डायपोलचा, म्हणजे ओढून लांब करता येणाऱ्या दोन काड्यांच्या अँटेनाचा, किट मिळाला सोबत तर घेच.

इन्स्टॉल करणं दहा मिनिटांचं काम. विंडोज त्याला टीव्ही ट्यूनर समजतं म्हणून झॅडिग नावाचं छोटं सॉफ्टवेअर चालवून ड्रायव्हर बदलायचा, यादीत बल्क-इन इंटरफेस, इंटरफेस झिरो असं लिहिलेलं दिसेल तेच निवड, घाईत माउस किंवा कीबोर्डचा ड्रायव्हर उडवशील नाहीतर. लिनक्स लावणार असशील तर त्याचा स्वतःचा टीव्हीचा ड्रायव्हर डोंगल बळकावून बसतो, त्याला ब्लॅकलिस्ट करायचं, म्हणजे सुरूच होऊ द्यायचं नाही. मग रेडिओ लावायला एसडीआर प्लस प्लस नावाचं सॉफ्टवेअर टाक, फुकट आहे आणि कुठंही चालतं.

पहिल्यांदा एफएमच लाव. ९२.७ वर गेलास की ९१.९, ९२.७ आणि ९३.५ तिघं एकाच स्क्रीनवर शेजारीशेजारी उभे दिसतील आणि खाली वॉटरफॉलमधे, म्हणजे सिग्नलच्या खाली सरकत जाणाऱ्या चित्रात, त्यांचे जाडजूड पट्टे उतरत राहतील. गाणी तर रिक्षातही ऐकतो आपण, पण गाणं *दिसतं* म्हटल्यावर मी तासभर नुसता बघत बसलो होतो. आरजे बोलायचा थांबला की पट्टा बारीक होतो, गाणं जोरात आलं की पसरतो.

आणि इथंच मुंबईची खरी गंमत कळते. या डोंगलचा एडीसी, म्हणजे सिग्नलचे आकडे करणारा भाग, ८ बिटांचा, म्हणजे मोजायला पायऱ्या फक्त २५६. एवढ्यातच त्याला शेजारचं दणदणीत एफएम स्टेशनपण मोजायचंय आणि समुद्रातल्या जहाजाचा बारीकसा सिग्नलपण. आपल्या शहरात एफएमचे ट्रान्समीटर एवढे जवळ आणि एवढे तगडे आहेत की नवीन माणूस गेनचा, म्हणजे सिग्नल किती वाढवायचा त्याचा, स्लायडर पार ४९.६ पर्यंत नेतो, आणि मग विमानांच्या बँडमधे गाणी, जहाजांच्या बँडमधे गाणी, सगळीकडं आरजे. ती स्टेशनं तिथं नसतातच, रिसीव्हर गुदमरला की अशी भुतं दिसतात. म्हणून गेन शून्यापासून एकेक पायरी वर ने आणि खालच्या खरखरीची रेघ बघत राहा. आधी सिग्नल वर येतो आणि खरखर जागच्या जागी असते, मग एक वेळ येते की दोघं बरोबरीनं चढायला लागतात. तिथं थांब आणि एक पायरी मागं ये. ऑटो गेन बंदच ठेव. तरीही भुतं हटली नाहीत तर एफएम बँडस्टॉप फिल्टर मिळतो, ८८ ते १०८ चा पट्टा दाबून टाकतो, मुंबईकरानं तो घ्यावा असं माझं स्पष्ट मत आहे, दुसरा भारी डोंगल घेण्यापेक्षा कधीही.

आता खिडकी. आपल्या सगळ्यांच्या खिडक्यांना लोखंडी ग्रिल, आणि ग्रिलच्या आत अँटेना म्हणजे पिंजऱ्यात बसून ऐकणं. एखादी पीव्हीसी पाइप ग्रिलला बांधून अँटेना हातभर तरी बाहेर काढ. लांबी काढायला सोपं गणित आहे, ७५०० ला मेगाहर्ट्झनं भाग, येईल ते सेंटीमीटर, डायपोलची एक बाजू तेवढी. जहाजांच्या १६२ ला ४६, विमानांच्या १०९० ला जेमतेम ६.९. दोन्हीसाठी काड्या उभ्या ठेवायच्या, आडव्या नाही. किटमधली बारीक काळी केबल १०९० ला मीटरमागं साधारण एक डेसिबल सिग्नल खाते, त्यापेक्षा केबलवाल्याकडची आरजी-६ बरी, ती ७५ ओहमची आहे म्हणून कुणी नाक मुरडलं तर मुरडू दे, ऐकण्यासाठी काही फरक पडत नाही. किंवा उलटं कर, डोंगलच खिडकीपाशी ने आणि तिथून लॅपटॉपपर्यंत यूएसबीची एक्स्टेन्शन ओढ, पाच मीटरच्या आतली.

खरखर कुठून येते ते शोधायचं असेल तर एकदा लॅपटॉप बॅटरीवर ठेवून घराचा मेन बंद कर. एलईडीचे ड्रायव्हर, चार्जर, राउटरचा अडॅप्टर, इन्व्हर्टर एसी, एकेकाचा हिशेब वॉटरफॉलवर दिसतो. वहिनींना आधी सांग पण, मालिका चालू असताना नको.

माझं स्वतःचं वेड जहाजांचं. शिवडीत राहून दुसरं काय होणार, खिडकीतून अटल सेतू, खाडी आणि पलीकडं जवाहर द्वीपला लागलेले तेलाचे टँकर. तीनशे टनांच्या वरच्या, आंतरराष्ट्रीय फेऱ्या करणाऱ्या जहाजाला एआयएस बसवणं बंधनकारक असतं, म्हणजे मी कोण, कुठं, किती वेगानं चाललोय हे ते सतत ओरडून सांगतं, १६१.९७५ आणि १६२.०२५ मेगाहर्ट्झ या दोन चॅनेलवर. एआयएस-कॅचर नावाचं सॉफ्टवेअर लाव, ब्राउझरमधे नकाशा उघडतो. चालतं जहाज दोन ते दहा सेकंदांनी बोलतं, नांगर टाकलेलं तीन मिनिटांनी, आणि नाव मात्र सहा मिनिटांनी एकदाच येतं. त्यामुळं आधी नकाशावर नुसता नऊ आकडी नंबर सरकताना दिसतो आणि बऱ्याच वेळानं त्याला नाव चिकटतं, तोवर आपला अंदाज लावायचा खेळ. नंबर ४१९ नं सुरू झाला की जहाज आपलं, भारताचं. नाव, वेग, पाण्याखाली किती बुडालंय, कुठं निघालंय सगळं असतं. "कुठं निघालंय" हे खलाशी हातानं टाइप करतात, न्हावा शेवाचा कोड आय एन एन एस ए, पण स्पेलिंगच्या इतक्या तऱ्हा बघितल्यात की आपला शाळेतला मराठीचा पेपर बरा. कधीकधी कित्येक दिवस आधीच्याच बंदराचं नाव तसंच राहिलेलं असतं. बाबांना हे दाखवलं, त्यांनी गोदीत आयुष्य काढलेलं, ते आता संध्याकाळी चहा घेऊन लॅपटॉपसमोर बसतात आणि कुठलं जहाज रिकामं आणि कुठलं भरलेलं ते बुडालेल्या मीटरवरून मला सांगतात.

तुझ्यासाठी मात्र विमानं. घाटकोपरला नवव्या मजल्यावर राहतोस, पश्चिमेचा वारा असला की २७ नंबरच्या रनवेवर उतरणारी सगळी तुझ्याच बाजूनं येतात, आणि इतकी वर्षं तू फक्त आवाजाला वैतागतोयस. १०९० मेगाहर्ट्झवर एडीएस-बी असतं, म्हणजे विमानांचं एआयएसच, डंप१०९० नावाचं सॉफ्टवेअर लाव, प्रत्येक विमानाची जागा, उंची, वेग, फ्लाइट नंबर. प्रत्येक विमानाचा एक कायमचा हेक्स कोड (आकडे आणि ए ते एफ अक्षरांचा) असतो, भारतातल्या नोंदणीचे ८०० पासून ८३एफ पर्यंत सुरू होतात, म्हणजे पाहुणं कोण ते लगेच कळतं. आणि ६.९ सेंटीमीटरच्या दोन काड्यांना सोसायटीत कुणी हरकत घेणार नाही, सेक्रेटरीला दिसणारपण नाहीत.

उपग्रहांचे फोटो घ्यायचे म्हणशील तर जुने लेख वाचून नोआच्या, म्हणजे अमेरिकेच्या हवामान उपग्रहांच्या, मागं लागू नकोस. नोआ १५, १८ आणि १९ तिन्ही २०२५ मधे बंद झाले, लोक अजून तेच शिकवतायत. आता रशियाचे मिटिऑर-एम एन२-३ आणि एन२-४ बघ, १३७.९ वर, डीकोड करायला सॅटडंप. डायपोलच्या दोन्ही काड्या ५३ सेंटीमीटर, मधे १२० अंशांचा कोन, पूर्ण आडवा, व्ही चं तोंड उत्तरेला किंवा दक्षिणेला. पण याला गच्ची लागते, खिडकीतून अर्धं आभाळ समोरची बिल्डिंग खाते. गच्चीची चावी आणि वॉचमनचे प्रश्न हे तुझं तू बघ.

शॉर्टवेव्हचं एक सांगतो, तुला इतिहास आवडतो म्हणून. १९४२ च्या आंदोलनात उषा मेहता आणि त्यांच्या साथीदारांनी याच मुंबईत गुप्त काँग्रेस रेडिओ चालवला, पोलिसांच्या हाती लागू नये म्हणून जागा बदलत बदलत, ४२.३४ मीटर तरंगलांबीवर. हिशेब केलास तर ते ७.०८ मेगाहर्ट्झ होतं, म्हणजे आज जिथं आपले हॅमवाले, परवाना घेतलेले हौशी रेडिओवाले, बोलतात त्या चाळीस मीटरच्या बँडच्या आतच. साध्या डोंगलला २४ च्या खालचं ऐकू येत नाही, त्यासाठी डायरेक्ट सॅम्पलिंगवाला (ट्यूनर टाळून सिग्नल सरळ मोजणारा) किंवा आत अपकन्व्हर्टर (खालची फ्रिक्वेन्सी वर सरकवणारा) असलेला घ्यावा लागतो, शिवाय दहा मीटर तरी वायर. आणि बिल्डिंगमधली सगळी खरखर तिथंच गोळा होते, म्हणून सुरुवात तिथून नको, वैतागशील.

कायद्याचं मस्करीत नेऊ नकोस. हा डोंगल फक्त ऐकतो, काही पाठवू शकत नाही, पण आपल्याकडं १९३३ च्या वायरलेस टेलिग्राफी कायद्यापासून यंत्र नुसतं जवळ बाळगण्यावरही नियम आहेत आणि आता २०२३ चा टेलिकम्युनिकेशन कायदा आलाय, दुसऱ्याचं बोलणं चोरून ऐकणं गुन्हा आहे. पोलिसांच्या किंवा कुणाच्या खाजगी बोलण्याच्या वाटेला जायचं नाही, काही कानावर पडलंच तर ग्रुपवर टाकायचं नाही. पुढं गोडी लागली तर हॅमची परीक्षा देऊ दोघं, व्हीयू३ नं सुरू होणारं कॉलसाइन, म्हणजे रेडिओवरचं आपलं नाव, मिळतं, मग बोलतापण येईल.

आणि पावसाळ्याच्या आधी कनेक्टरला सेल्फ-अमाल्गमेटिंग (स्वतःलाच चिकटून एकजीव होणारी) टेप गुंडाळ, खाऱ्या हवेत हिरवे पडतात. आभाळ गडगडायला लागलं की केबल सरळ काढून ठेव.

डोंगल आला की शनिवारी मी येतो, ड्रायव्हरचं आपण बसून करू. त्याआधी लॅमिंग्टन रोडला जाशीलच, तिथून एफ टू एसएमए अडॅप्टर (आरजी-६ केबल डोंगलला जोडायला) दोन घे, एक तुला एक मला, आणि आरजी-६ दहा मीटर. भाव कर नीट, तुझ्या तोंडाकडं बघून जास्त सांगतात.

तुझा,
मन्या