नागपूरवरील लेखाविषयी मित्रास पत्र

धंतोली, नागपूर

प्रिय सुहास,
सप्रेम नमस्कार.

तुमच्या ज्ञानकोशातील नागपूरवरचा लेख ‘उत्कृष्ट’ ठरविण्यासाठी संपादकांपुढे आला आहे आणि त्यावर तुला इथल्या रहिवाशाचे मत हवे आहे, म्हणून तो मी सावकाश वाचला. उत्तर आधीच सांगून टाकतो, म्हणजे पुढचे वाचताना तुला अंदाज बांधत बसावे लागणार नाही. लेख चांगला आहे, पण उत्कृष्ट अजून झालेला नाही.

त्यात माहिती कमी आहे असे मुळीच नाही. देवगडचा गोंड राजा बख्त बुलंद शाह, भोसल्यांची राजवट, 1817 ची सीताबर्डीची लढाई, 1853 मध्ये खालसा झालेले राज्य आणि 1861 मध्ये मध्य प्रांताची राजधानी झालेले शहर, ही सारी सनावळी जागच्या जागी आहे. अडचण अशी की लेखाचे विभाग एकमेकांना ओळखत नाहीत. 1867 मध्ये रेल्वे नागपूरला पोहोचली हे ‘वाहतूक’ या मथळ्याखाली येते, 1 जानेवारी 1877 रोजी एम्प्रेस मिल सुरू झाली हे ‘उद्योग’ या मथळ्याखाली, आणि सावजी रस्सा थेट ‘खाद्यसंस्कृती’त. वास्तविक हे एकच सूत्र आहे. वऱ्हाड-नागपूरचा कापूस रेल्वेने बाहेर जाऊ लागला. जमशेदजी टाटांनी मुंबई सोडून, जिथे कापूस पिकतो तिथेच गिरणी काढायचे ठरवले. गिरणीच्या कापडापुढे हातमाग मागे पडत गेला तसे कोष्टी विणकरांपैकी अनेकांना गिरणीचा भोंगा ऐकून कामाला जावे लागले. आणि याच समाजाच्या घरातले झणझणीत सावजी जेवण पुढे भोजनालयांतून सगळ्या शहराचे झाले. आज गिरणीच्या जागेवर मॉल उभा आहे, आणि लेखात त्या मॉलचा उल्लेख ‘खरेदी’ या उपविभागात आहे, मागच्यापुढच्याशी काहीही संबंध नसल्यासारखा! मोठ्या शहराचा लेख वाचून परगावच्या वाचकाला ते शहर तिथेच का वाढले आणि असेच का वाढले हे कळले नाही, तर पाने कितीही भरली तरी त्याला मी उत्कृष्ट म्हणणार नाही.

दुसरी गोष्ट विश्वासार्हतेची. काही विधाने निवडून त्यांचे संदर्भ मी मुळातून पाहिले. बहुतेक ठिकाणी संदर्भ खरा निघाला; एका ठिकाणी मात्र तो सदनिका विकणाऱ्याच्या जाहिरातीकडे नेतो. लोकसंख्या प्रस्तावनेत 24,97,870 आणि चौकटीत 24,05,665 अशी दिली आहे. दोन्ही आकडे 2011 च्या जनगणनेचेच आहेत, पहिला नागरी समूहाचा आणि दुसरा महापालिका हद्दीचा. पण लेख ना वर्ष सांगतो ना हद्द, त्यामुळे वाचकाला ती चूकच वाटणार. सर्वोच्च तापमान म्हणून 56 अंश नोंदवले आहे ते तर ताबडतोब काढायला हवे. मे 2024 मध्ये हा आकडा देशभर गाजला होता, परंतु स्वयंचलित केंद्राच्या संवेदकात बिघाड होता असा खुलासा हवामान खात्याने नंतर केला. आमचा उन्हाळा तसाही पुरेसा कडक आहे, त्याला या मदतीची गरज नाही.

झीरो माईलचे तसेच. ‘भारताचा मध्यबिंदू’ म्हणून आम्ही नागपूरकर पाहुण्यांना तो स्तंभ हौसेने दाखवतो, आणि ते करतच राहू. पण लेखाने इतके तरी सांगावे की तो इंग्रजी अमदानीतील सर्वेक्षणाशी निगडित आहे आणि त्या वेळच्या देशाच्या सीमा आजच्या नव्हेत.

लेखाची खरी परीक्षा मी विजयादशमीच्या परिच्छेदात घेतली, आणि तिथे लेखक खरा उतरला. 1925 मध्ये याच सणाला इथे राष्ट्रीय स्वयंसेवक संघाची स्थापना झाली आणि 14 ऑक्टोबर 1956 रोजी, त्याच सणाला, डॉ. बाबासाहेब आंबेडकरांनी लाखो अनुयायांसह बौद्ध धम्म स्वीकारला. संघाची रेशीमबाग आणि धम्मदीक्षेची दीक्षाभूमी या दोन्हींविषयी आवाज न चढवता आणि कोणाचीही तळी न उचलता त्याने लिहिले आहे. शहराच्या लेखात हे किती अवघड असते ते तू जाणतोस. त्या परिच्छेदातला शब्दही बदलू देऊ नकोस.

मग हाच लेखक इतरत्र अडचणीचे का टाळतो? विदर्भाला महाराष्ट्रात आणणाऱ्या 1953 च्या नागपूर कराराचा आणि विधिमंडळाच्या हिवाळी अधिवेशनाचा उल्लेख आहे, परंतु 23 नोव्हेंबर 1994 रोजी, अशाच अधिवेशनाच्या काळात, मोर्चाला आलेले गोवारी या गुराखी समाजाचे 114 बांधव चेंगराचेंगरीत मृत्युमुखी पडले, याविषयी एक ओळ नाही. शहरातला उड्डाणपूल त्यांच्या नावाचा असूनही नाही. सप्टेंबर 2023 च्या अंबाझरी तलावाच्या पुराचेही तेच. रोज लागणाऱ्या पाण्याला एक वाक्य मिळाले आहे. तोतलाडोह आणि नवेगाव खैरी ही धरणे, कन्हान नदी, गोरेवाडा तलाव यांवाचून शहराचा दिवस निघत नाही, आणि ज्या नाग नदीवरून शहराला नाव मिळाले असे मानतात तिची आज सांडपाण्याने काय दशा आहे हेही सांगितलेले नाही. उलट चित्रपटगृहांची यादी मात्र पानभर.

जाता जाता एक लोभाची गोष्ट. श्री. व्यं. केतकरांनी महाराष्ट्रीय ज्ञानकोशाचा प्रपंच पहिल्यांदा नागपुरातच मांडला आणि नंतर तो पुण्याला नेला. गुणवत्तेच्या निकषात हे बसत नाही, तरी ज्ञानकोशातल्या नागपूरच्या लेखात ते असावे, असा माझा हट्ट समज.

आता कामाचे. चित्रपटगृहांची यादी वेगळ्या पानावर हलवावी, तापमान आणि लोकसंख्या दुरुस्त करावी, रेल्वे, कापूस आणि गिरणी यांचा विभाग एकत्र लिहावा आणि पाण्यावर किमान दोन परिच्छेद घालावेत. गोवारी स्मारकाचे आणि नाग नदीचे छायाचित्र लागल्यास मी काढून पाठवीन. सुधारलेला मसुदा आला की पुन्हा वाचीन. तोवर माझे मत ‘नाही’ असेच नोंदव, आणि लेखकाला हे पत्र दाखवायला माझी हरकत नाही.

वहिनींना नमस्कार.

तुझा,
श्रीकांत