बाबा, त्या दिवशीचा मार्शल व्हर्जिल होता

ती. आई-बाबा, सा. न.

बाबा, नाइट ड्युटीला जाताना तुम्ही रद्दीवाल्याकडची ती घोडेवाल्यांची इंग्लिश पुस्तकं पिशवीत टाकून न्यायचात, आठवतंय ना? तसलीच एक जाडजूड कादंबरी इथे फिनिक्सच्या लायब्ररीत मिळाली, अ‍ॅरिझोनातल्याच टूमस्टोन गावच्या मार्शल लोकांवरची, म्हणजे गावच्या पोलीसप्रमुखांवरची. दोन रात्रीत संपवली आणि शनिवारी गाडी काढून थेट टूमस्टोनलाच जाऊन आलो, तीन तास लागतात.

गाव छोटंसंच आहे आता. १८७७ मधे एड शिफेलिन नावाचा माणूस तिथे चांदी शोधत फिरत होता, तेव्हा सोल्जर लोक त्याला म्हणायचे की तुला तिथे तुझ्या थडग्याचा दगडच सापडेल, म्हणून त्याने खाणीला नाव दिलं टूमस्टोन. चांदी निघाली आणि दोन-चार वर्षांत माळरानावर हजारो माणसं, सलून, जुगार, सगळंच आलं.

तिथल्या गाजलेल्या गोळीबारामुळे नाव सगळ्यांना वायट अर्पचं माहीत असतं. पण त्या गोळीबाराच्या दिवशी, २६ ऑक्टोबर १८८१ ला, गावचा मार्शल होता त्याचा मोठा भाऊ व्हर्जिल. गावात बंदूक घेऊन हिंडायचं नाही असा नियम होता, क्लँटन आणि मॅक्लॉरी या गुरंवाल्या कुटुंबांपैकी काहीजण हिंडत होते, आणि ती हत्यारं काढून घेणं ही व्हर्जिलची ड्युटी. सोबत वायट, धाकटा मॉर्गन आणि टीबी झालेला डेंटिस्ट डॉक हॉलिडे. सगळे म्हणतात तसा गोळीबार ओके कोरल नावाच्या घोड्यांच्या आवारात झालाच नाही बाबा, तिथून जरा पुढे एका फोटोग्राफरच्या स्टुडिओला लागून चिंचोळी मोकळी जागा होती तिथे झाला, अर्ध्या मिनिटात तीसेक गोळ्या आणि तीन माणसं गेली.

पण मला लागला तो पुढचा भाग. महिनाभर कोर्टात चौकशी, काउंटीचा शेरीफ बीहन स्वतः यांच्या विरुद्ध साक्षीला, शेवटी जज स्पायसरने सोडलं. आणि २८ डिसेंबरच्या रात्री अंधारातून व्हर्जिलवर गोळ्या झाडल्या, डावा हात कायमचा गेला. मार्चमधे मॉर्गनला बिलियर्ड खेळताना पाठीमागून मारलं.

आई, हे वाचताना मला तूच दिसत होतीस. व्हर्जिलची बायको अ‍ॅली त्याची सेवा करत होती, आणि मला आठवत होतं की बंदोबस्तात बाबांच्या खांद्यावर दगड बसला होता तेव्हा तीन महिने तूच त्यांच्या शर्टाची बटणं लावायचीस, एक शब्द न बोलता. मी तेव्हा दहावीत होतो. बरं झाल्यावर बाबा परत ड्युटीवर गेले याचा मला फार राग आला होता, कितीतरी वर्षं होता, तुम्हाला दोघांनाही कधी सांगितलं नाही.

व्हर्जिल १८८७ मधे कॅलिफोर्नियातल्या कोल्टन गावचा मार्शल झाला, एका हाताने. हे कळलं तेव्हा पुस्तक मिटून बराच वेळ तसाच बसून राहिलो, आणि बाबा, तुमचं परत जाणं पहिल्यांदा मला समजलं.

कादंबरीची एक कॉपी विकत घेतलीये, डिसेंबरमधे घेऊन येतो. अक्षर बारीक आहे, तोवर मोतीबिंदूचं ऑपरेशन उरकून घ्या, नाहीतर मी रोज संध्याकाळी वाचून दाखवीन. आई, तूही बसायचंस.

तुमचा,
बाळू