ग्रीसच्या पडद्यावरचं गाव

अथेन्स
रविवार

ती. आबांस,
सा. न.

ग्रीक सिनेमात खेडं कसं दाखवतात, असं तुम्ही विचारलंत. फोनवर एवढं बोलणं होत नाही, म्हणून सविस्तर लिहितेय.

आंगेलोपुलोस या दिग्दर्शकाचं नाव तुम्ही ऐकलं असेल. मला सांगायचंय ते त्याच्यासोबत पटकथा लिहिणाऱ्या थानासिस वाल्तिनोसबद्दल. १९३२ साली दक्षिण ग्रीसमधल्या आर्केडियात जन्मलेला कथाकार. ग्रीसबाहेर त्याला फारसं कुणी ओळखत नाही, याचं मला खरंच वाईट वाटतं.

इथल्या जुन्या लोकप्रिय सिनेमातलं गाव म्हणजे फुस्तानेला, म्हणजे पुरुषांचा चुण्यांचा पांढरा घागरा, नेसलेले मेंढपाळ आणि त्यांची प्रेमप्रकरणं, नाहीतर शहरात येऊन भांबावलेला विनोदी गावंढळ. आंगेलोपुलोसचा १९७० चा सिनेमा ‘अनापारास्तासी’ (‘पुनर्रचना’) बघताना हे सगळं पुसलं जातं. तो आंगेलोपुलोस, स्त्रातिस कारास आणि वाल्तिनोस या तिघांनी लिहिला. एपिरसच्या डोंगरातलं दगडी घरांचं गाव, चिखल, काळ्या कपड्यांतल्या बायका. सुरुवातीलाच गावाची वस्ती सांगतात: १९३९ मध्ये १२५०, १९६५ मध्ये ८५. पश्चिम जर्मनीशी १९६० मध्ये करार झाला आणि कामकरी माणसं तिकडच्या कारखान्यांत गेली. त्यातलाच एक नवरा परत येतो. बायको एलेनी आणि तिचा प्रियकर त्याला मारतात, परसात पुरतात, वर कांदे लावतात. तपासात दोघंही एकमेकांकडे बोट दाखवतात. प्रत्यक्ष खून मात्र दिसत नाही. तो होतो तेव्हा कॅमेरा घराबाहेरच थांबलेला असतो. एलेनी दुष्ट की बिचारी, हे आपल्याला कुणी सांगत नाही. आबा, गावाची कीव करणारे पुष्कळ असतात. वाल्तिनोस एलेनीची साक्ष नोंदवून घेतो आणि गप्प राहतो.

त्याच्या पुस्तकांचीही हीच रीत. साठच्या दशकावरची त्याची १९८९ ची कादंबरी तर पत्रं आणि बातम्यांचीच रचलेली आहे.

आंगेलोपुलोसच्याच १९८४ च्या ‘ताक्सिदी स्ता किथिरा’ (‘किथिराची सफर’) या सिनेमाला फ्रान्समधल्या कान चित्रपट महोत्सवात पटकथेचं पारितोषिक मिळालं, त्याच्या लेखकांतही वाल्तिनोस आहे. बत्तीस वर्षांनी सोव्हिएत संघातून परतलेला म्हातारा क्रांतिकारक, आणि डोंगरावरची जमीन पर्यटनासाठी विकायला निघालेलं गाव. सही द्यायला हा एकटाच तयार नाही. गाव त्याच्यावर चिडतं, आणि त्या चिडण्यातही तथ्य आहे. थकलेल्या माणसांना चार पैसे दिसलेत. आपल्या वरच्या वाडीत जमिनीच्या सह्यांवरून झालं, ते हा सिनेमा बघताना मला आठवत होतं.

म्हणून तुमच्या नव्या नाटकाबद्दल एक सुचवते. जमीन विकणारा धाकटा भाऊ आत्ता नुसता खलनायक आहे. त्याला एक पूर्ण प्रवेश द्या. कर्ज, मुलीची फी, मुंबईची खोली, सगळं त्याच्या तोंडून येऊ दे, आणि थोरल्याने मध्ये बोलू नये. गावच्या उत्सवाला नाटक बघायला मुंबईकर समोर बसलेले असतील, त्यांना ते ऐकू दे.

तो प्रवेश झाला की वहीचे फोटो काढून पाठवा. आईला नमस्कार.

तुमची,
शमा