वाळा नव्हे, बंड्या

प्रिय बंड्या,

सहा महिने पत्र नाही, घाल शिव्या. तब्येत ठीक, बीपीची गोळी चालू. आज लिहितोय कारण हे दुसऱ्या कुणाला सांगितलं तर वेड्यात काढतील. हिने काढलंच.

काल मागच्या अंगणात लिंबासाठी खड्डा घेत होतो. इथे फ्लोरिडात माती कसली, नुसती वाळू. वीतभर खाली काहीतरी गुलाबी वळवळलं. गांडूळ म्हणून उचललं, तर बोटांना खवले लागले! अंगभर कड्या, डोळे, कान, पाय काही नाही. मला पहिला आठवला मोरीतला वाळा. गांडूळ समजून त्याच्यावर मीठ टाकलं म्हणून तू आख्खी दिवाळीची सुट्टी बोलला नव्हतास. (तो साप होता, आज मान्य. पण सरांची बरणी मी फोडली नव्हती.) वाळा कुंड्यांतून इथेही पोचलाय, पण तो काळपट, सुतळीसारखा. हा चांगला जाडजूड, आणि शेपटी वरून चपटी, कानशीसारखी खरखरीत.

रात्री दोनपर्यंत वाचत बसलो. ऱ्हाइन्यूरा फ्लोरिडाना. साप नव्हे, गांडूळही नव्हे, तर पाली-सरड्यांच्या गोतातला बिनपायाचा, जमिनीखाली राहणारा प्राणी. त्याच्या कुळातला हा एकटाच जिवंत, बाकी भाऊबंद जीवाश्मांत. खातो वाळवी नि गांडुळं. वर येतो तो जोराचा पाऊस झाला किंवा नांगर फिरला तरच. सापाचं डावं फुप्फुस आखडलेलं असतं, ह्याच्या जातीत उजवं. म्हणजे तुझ्यासारखाच, चारचौघांच्या उलट.

आता घोळ ऐक. सोमवारी त्याच कोपऱ्यात काँक्रीट ओतायला माणसं येतायत. बसायला ओटा हवा म्हणून मीच मागे लागलो होतो, आगाऊ पैसेही दिलेत. त्याला खाली सोडला, तर फावड्यासारखं डोकं वाळूत खुपसून बघता बघता गडप. पण खाली अजून किती असतील? सरकून शेजारच्या हिरवळीत गेले, तर तिथे दर महिन्याला फवारणी. हिला म्हटलं, निदान तो कोपरा सोडू. म्हणाली, "चार वर्षांत एकदा दिसलेल्या किड्यासाठी?" किडा! आणि कंत्राटदाराला काय सांगू, खाली भाडेकरू आहेत म्हणून? ओटा अर्धाच करू का? शनिवारच्या आत सांग. फोन नको, ही ऐकते.

काकूंचं मोतीबिंदूचं झालं ना? धाकटीचे बारावीचे मार्क? नोकरी खरंच सोडलीस की नुसत्या गप्पा?

तुझाच,
बाळ्या

ता.क. खड्डा अजून बुजवलेला नाही. लिंबू कुंडीतच आहे.