दादा, त्या दिवशी तुम्ही शॉट थांबवलात

दादा, हे तुमच्यासमोर बसून बोलायला गेलो की तुम्ही लगेच विषय बदलता, म्हणून इथे सगळ्यांसमोर लिहितोय.

४० फुटांवरून स्टंटची उडी होती, खाली एअरबॅग. पहिला टेक मस्त गेला, पाठीवर बरोबर मधोमध पडलो, पण फोकस गेला होता आणि उजेड पण उतरायला लागलेला, त्यामुळे लगेच दुसरा टेक घ्यायचं ठरलं आणि मी धावत वर जाऊन उभा पण राहिलो. एअरबॅगमध्ये हवा भरणारा एक ब्लोअर बंद पडलाय हे वरून कुठे कळतंय! एकदा माणूस पडला की बॅगमधली हवा व्हेंटमधून, म्हणजे हवा सोडायच्या भोकांतून, निघून जाते, म्हणून तर झटका बसत नाही, पण ती परत पूर्ण भरल्याशिवाय दुसरी उडी मारायची नसते. तुम्ही असिस्टंट डायरेक्टर, शेड्यूल सांभाळणं तुमच्याच डोक्यावर, सगळे वाट बघतायत की आता रोल म्हणाल. तुम्ही चालत बॅगपर्यंत गेलात, हाताने दाबून बघितलंत आणि वॉकीवर म्हणालात, "होल्ड. तू खाली ये." डायरेक्टर सगळ्यांसमोर काय काय बोलले तुम्हाला, शॉट दुसऱ्या दिवसावर गेला तो पण तुमच्या नावावर लागला.

आणि मला तेव्हा तुमचाच राग आला होता, लोकांना वाटेल पोरगा घाबरला. रात्री तुम्ही शांतपणे सांगितलंत, "वर उभा असलेला माणूस नाही म्हणत नाही, त्याला उद्याचं काम हवं असतं, मी पण इतकी वर्षं कधी नाही म्हणालो नाही, म्हणून खाली कुणीतरी नाही म्हणणारा लागतो."

याकिमा कॅनटचं नाव पण त्याच रात्री पहिल्यांदा ऐकलं. १९३९ च्या 'स्टेजकोच'मध्ये धावत्या घोड्यांच्या मधे पडून गाडीखालून गेलेला माणूस, नंतर सेकंड युनिट डायरेक्टर, म्हणजे ॲक्शनसारखे सीन वेगळ्या टीमसोबत शूट करणारा, झाला आणि १९५९ च्या 'बेन-हर'मधली रथांची शर्यत त्याने बसवली. १९६७ साली त्याला मानद ऑस्कर मिळालं ते स्टंटसाठी तर होतंच, पण स्टंटवाल्यांचा जीव वाचवणारी साधनं तयार केली म्हणून पण होतं. हे दुसरं कारण तुम्ही मला दोनदा सांगितलंत. आता २०२८ पासून ऑस्करमध्ये स्टंट डिझाइनचा वेगळा पुरस्कार सुरू होतोय, ती बातमी वाचली तेव्हा पहिला फोन तुम्हालाच केला होता, आठवतंय ना?

खांदा गेला तेव्हा वाटलं संपलं सगळं. बाकीचे भेटून गेले, तुम्ही मात्र कॉलशीट, म्हणजे दिवसभराच्या शूटिंगचं वेळापत्रक, घेऊन आलात आणि म्हणालात वाच, यात काय चुकलंय सांग. आगीचा सीन दिवसाच्या शेवटी टाकलेला होता, सगळे दमलेले असताना. मी तेवढं दाखवलं आणि पुढच्याच प्रोजेक्टला तुम्ही मला हाताखाली घेतलंत. रिहर्सलचा वेळ शेड्यूलमध्ये आधीच मागून घ्यायचा, आगीपासून वाचवणारी जेल लावून पेटणाऱ्याने आडवं पडणं म्हणजे आता विझवा, ही खूण फायर एक्स्टिंग्विशर धरलेल्या प्रत्येकाकडून म्हणवून घ्यायची, मेडिक चहाला गेला असेल तर कॅमेरा रोल होणार नाही, हे सगळं तुमच्याकडून आलंय. खरं सांगतो, उड्या मारण्यापेक्षा हे अवघड आहे, कारण इथे जीव दुसऱ्याचा असतो.

उद्या पहिल्यांदा माझ्या एकट्याच्या जबाबदारीवर हाय फॉल, म्हणजे उंचावरची उडी आहे. पोरगं नवीन आहे, हुशार आहे, आणि कशालाच नाही म्हणत नाही. शॉट सकाळी पहिलाच ठेवलाय, त्याआधी पाऊण तास फक्त बॅगसाठी. प्रोडक्शनवाले कटकट करत होते, मी ऐकलं नाही.

दादा, मनापासून थँक्यू. जमलं तर उद्या सेटवर या, बॅग मी तपासेनच, पण एकदा तुमचा हात लागला तर बरं वाटेल.